ढगांकडे पाठ : गाब्रिएल फिगेरोआची न वापरलेली फ्रेम

१९५८ साल. मेक्सिकोच्या मोरेलोस राज्यात, क्वाउत्ला गावाच्या आसपास 'नासारीन' या चित्रपटाचं आउटडोअर चालू आहे. छायालेखक गाब्रिएल फिगेरोआनं कॅमेरा लावलाय, फ्रेम बांधून तयार आहे. मागे पोपोकातेपेत्ल हा सुमारे ५,४०० मीटर उंचीचा ज्वालामुखी आणि त्याच्या सोबतीला पांढरेशुभ्र ढग. कुठेही बोट ठेवायला जागा नाही. दिग्दर्शक लुईस बुन्युएल येतो, फ्रेम पाहतो आणि कॅमेरा बरोबर उलट्या दिशेला फिरवतो. त्या बाजूला काहीच नाही, म्हणजे कुठल्याही रस्त्याकडेला असतो तसला साधा माळ. शॉट त्या माळावर होतो.

हा किस्सा बुन्युएलनंच आपल्या आठवणींमध्ये सांगितलाय. फिगेरोआला धक्का बसला, असंही त्यानं लिहिलंय. आयती घडवून ठेवलेली सुंदरता आपल्याला कधीच आवडली नाही, सिनेमाला काय म्हणायचंय तेच ती विसरायला लावते, असं त्याचं म्हणणं. सिनेमावर बोलणारे लोक हा किस्सा आवडीनं सांगतात आणि बहुतेक वेळा त्यात एक शहाणा असतो, एक येडा. शहाणा सत्य शोधणारा दिग्दर्शक. येडा ढगांच्या मागे लागलेला कॅमेरामन.

मला ही वाटणी पटत नाही. एक तर किस्सा सांगणारा त्यातला शहाणाच आहे. दुसरं म्हणजे त्या दिवशी फिगेरोआ सामान आवरून निघून गेला नाही. त्यानं तो माळ चित्रित केला, उत्तम केला, आणि त्यानंतर याच दिग्दर्शकाबरोबर आणखी चार चित्रपट केले. ढगांसाठी जगभर नावाजलेला माणूस ढगांकडे पाठ करून काम करू शकला, हे कसं जमलं? त्यासाठी आधी त्या रद्द झालेल्या फ्रेममध्ये काय काय होतं ते उलगडावं लागेल.

फिगेरोआचा जन्म १९०७चा, मेक्सिको सिटीतला. आईवडिलांचं छत्र लवकर गेलं, नातलगांनी वाढवलं. सान कार्लोस अकादमीत चित्रकला आणि कन्झर्वेटरीत व्हायोलिन असं शिक्षण चालू होतं. घरची मालमत्ता गेली, तेव्हा दोन्ही सोडून पोटासाठी फोटो स्टुडिओत कामाला लागावं लागलं. १९३२मध्ये सिनेमाच्या सेटवर शिरला तो स्टिल फोटोग्राफर म्हणून. १९३५मध्ये नव्यानं उभ्या राहिलेल्या क्लासा स्टुडिओनं त्याला शिकायला हॉलिवूडला पाठवलं आणि तिथे त्याला ग्रेग टोलंड भेटला. पुढे 'सिटिझन केन'मुळे जगाला माहीत झालेला, जवळचं आणि लांबचं एकाच वेळी लख्ख दाखवणारा तो टोलंड. गुरू असा आणि तोही अगदी वेळेवर मिळणं, याला नशीबच लागतं.

परत आल्यावर १९३६मध्ये पहिला स्वतंत्र चित्रपट, 'आया एन एल रांचो ग्रांदे'. घोडे, गाणी, कोंबड्यांच्या झुंजी, प्रेमातले गैरसमज असा खटकेबाज रांगडा मसाला. तो सगळ्या लॅटिन अमेरिकेत धो धो चालला आणि १९३८मध्ये व्हेनिसला त्याच्या छायाचित्रणाला पुरस्कार मिळाला. मेक्सिकन सिनेमाची निर्यात खऱ्या अर्थानं इथून सुरू झाली, असं मानतात.

म्हणजे 'नासारीन'च्या वेळी फिगेरोआच्या हाताशी वीस-बावीस वर्षांचा सराव होता. पण त्या आकाशाचं श्रेय नुसत्या सरावाला देता येत नाही. त्यामागे चित्रकलेचं शिक्षण होतं. ओरोस्को, सिकेरोस, रिव्हेरा हे भित्तिचित्रकार त्याचे मित्र. डॉक्टर आत्ल या नावानं ओळखला जाणारा चित्रकार ज्वालामुखींनी झपाटलेला होता आणि क्षितिज सरळ रेषेत न काढता वक्र काढायचा. पृथ्वी गोल आहे, मग दिसतानाही ती तशी दिसली पाहिजे, असा एकूण आग्रह. फिगेरोआनं ती नजर उचलली. लिओनार्दो दा विंचीच्या चित्रकलेवरच्या टिपणांतून त्यानं आणखी एक गोष्ट घेतली : आपण आणि डोंगर यांच्या मधल्या हवेलासुद्धा रंग असतो. लांबचा डोंगर निळसर, पुसट दिसतो तो त्या हवेमुळे. ही हवा फिल्टरनं कापता आली तर?

ज्यांनी कृष्णधवल रोल वापरलेत त्यांना यातली गंमत लगेच कळेल. कृष्णधवल फिल्मवर निळा रंग फार फिका उतरतो. साध्या डोळ्यांना गडद दिसणारं आकाश पडद्यावर पांढरं फटक येतं आणि त्यात पांढरे ढग बेपत्ता होतात. लेन्सवर लाल फिल्टर चढवला की तो निळा प्रकाश अडवतो. आकाश काळवंडतं, ढग उठून पुढे येतात. धुकट निळी हवाही कापली जाते, त्यामुळे लांबचा डोंगर हाताला लागेल इतका जवळ वाटतो. पण याची किंमत मोजावी लागते. गडद लाल फिल्टर तीनेक स्टॉप, म्हणजे आठातले सात हिस्से, प्रकाश खाऊन टाकतो, आणि सगळं शार्प हवं असेल तर लेन्सचं छिद्र लहानच ठेवावं लागतं. म्हणजे ऊन रणरणतं पाहिजे. सावल्यांमध्ये आभाळाचा निळा प्रकाश असतो, तोही फिल्टर अडवतो. त्यामुळे सावल्या आणखी काळ्या होतात आणि नटांच्या चेहऱ्यांवर रिफ्लेक्टर मारावे लागतात. ओठ फिके पडतात, मग मेकअपचं गणित बदलतं. एका ढगामागे ही एवढी यातायात. फिगेरोआनं हे सगळं इतकं घोटून बसवलं होतं की 'फिगेरोआचं आकाश' हा मेक्सिकोत वाक्प्रचारच होऊन बसला.

या आकाशाखाली जे घडलं त्यात मोठा वाटा दिग्दर्शक एमिलियो फर्नांदेसचा. १९४३च्या 'फ्लोर सिल्वेस्त्रे'पासून दोघांनी वीसहून अधिक चित्रपट एकत्र केले. फ्रेममध्ये क्षितिज खाली, कॅमेरा त्याहून खाली, पुढ्यात घायपातीचं काटेरी पान, मागे शाल गुंडाळलेल्या बायकांची ओळ, आणि वर ते आभाळ. 'फ्लोर सिल्वेस्त्रे'मधला मृत माणसाभोवती जमलेल्या शोकाकुल लोकांचा प्रसंग फिगेरोआनं सरळ ओरोस्कोच्या एका चित्रावरून घेतला होता. चित्रपट पाहायला ओरोस्को स्वतः हजर. फिगेरोआनं चोरी तिथल्या तिथे कबूल करून टाकली. ओरोस्को चिडला नाहीच. आपल्याला कागदावर न साधलेली खोली तुला साधली, अशा अर्थाचं काहीतरी म्हणाला. ही आठवण फिगेरोआ पुढे अभिमानानं सांगायचा, आणि का सांगू नये?

मग आला 'मारिया कांदेलारिया'. सोचिमिल्कोचे कालवे, फुलांनी भरलेल्या होड्या, आणि दोलोरेस देल रियोनं रंगवलेली, गावानं वाळीत टाकलेली आदिवासी मुलगी. शेवटी गाव तिला दगडांनी ठेचून मारतं. १९४६मध्ये कानच्या महोत्सवात सर्वोच्च सन्मान ११ चित्रपटांना विभागून मिळाला, त्यांतला हा एक. मुंबईत बनलेला चेतन आनंदचा 'नीचा नगर' त्याच अकरांतला. आपल्याकडे 'नीचा नगर'चं नाव घेतलं जातं ते बरोबरच आहे, पण त्याच्या शेजारी कोण बसलं होतं हे सहसा कुणी सांगत नाही.

त्याच महोत्सवात फिगेरोआला छायाचित्रणाचा वेगळा पुरस्कार मिळाला, आणि या प्रकरणातला मला सर्वांत बोलका वाटणारा तपशील तिथेच आहे. पुरस्कारात दोन चित्रपटांची नावं होती. एक 'मारिया कांदेलारिया', आणि दुसरं 'लोस त्रेस मोस्केतेरोस'. हा दुसरा म्हणजे कांतिन्फ्लास या मेक्सिकोच्या लाडक्या विनोदी नटाची धमाल. तीन शिलेदारांच्या फ्रेंच कथेचा त्यानं केलेला विचका. विनोदपटात ढगांना काम नसतं. तिथे चेहरा उजेडात हवा, हातवारे दिसले पाहिजेत, आणि नट जिथे सरकेल तिथे प्रकाश आधीच पोचलेला पाहिजे. म्हणजे बुन्युएलनं फिगेरोआला साधेपणा शिकवला हे म्हणणं इथेच गळून पडतं. साधेपणा त्याला येत होता. पुरस्कार मिळवण्याइतका येत होता. फक्त लोक त्यासाठी त्याला ओळखत नव्हते.

हॉलिवूडचा जॉन फोर्ड मेक्सिकोत आला तेव्हाची गोष्टही इथे सांगायला हवी. १९४७चा 'द फ्युजिटिव्ह' फिगेरोआनं चित्रित केला. तो धंद्यात आपटला, पण फोर्डला स्वतःला तो फार आवडायचा. बऱ्याच वर्षांनी मुलाखतीत त्यानं सांगितलं की छायाचित्रण अव्वल होतं कारण आम्ही प्रकाशासाठी थांबायचो. आता प्रकाश असो नसो, लोक शूट करून मोकळे होतात. प्रकाशासाठी थांबायचो, हे वाक्य मनात ठेवा. एक दिग्दर्शक फिगेरोआबरोबर ढगांची वाट पाहत उभा राहिला. अकरा वर्षांनी दुसऱ्यानं तयार ढगांकडे पाठ फिरवली. माणूस तोच.

१९४८मध्ये टोलंड वारला. त्याच्या जागी हॉलिवूडला येण्याचं बोलावणं फिगेरोआला आलं आणि त्यानं ते घेतलं नाही. तो कट्टर डावा होता, आणि चित्रपट कामगारांच्या चळवळीत नुसता वर्गणीदार नव्हता. १९४५मध्ये जुन्या युनियनमधून फुटून निर्मितीतल्या कामगारांची स्वतंत्र युनियन उभी राहिली, तिच्या संस्थापकांमध्ये कांतिन्फ्लास आणि गायक-नट होर्गे नेग्रेते यांच्या बरोबरीनं फिगेरोआ होता. हे राजकारण या प्रकरणात आणण्याचं कारण असं की आपण कामगार आहोत, कारागीर आहोत, ही त्याची स्वतःबद्दलची समज होती. जगानं त्याला कलावंत म्हणून डोक्यावर घेतलं तरी ती सुटली नाही. कारागिराला एक गोष्ट पक्की माहीत असते : घर मालकाचं आहे, आपलं काम भिंत सरळ ठेवणं.

आता बुन्युएल. हा स्पॅनिश माणूस १९४६मध्ये मेक्सिकोत आला, दोन व्यावसायिक चित्रपट करून बसला, आणि १९५०मध्ये त्यानं 'लोस ओल्विदादोस' केला. विषय मेक्सिको सिटीतली रस्त्यावरची पोरं. चित्रण तीनेक आठवड्यांत उरकलेलं. छायालेखक फिगेरोआ. आणि इथे मागे ना ज्वालामुखी, ना घायपात. नोनोआल्कोच्या बाजूची ओसाड जागा, पत्र्याच्या झोपड्या, अर्धवट सोडलेल्या इमारतीचा लोखंडी सांगाडा, त्यावर दुपारचं बोडकं ऊन.

'मारिया कांदेलारिया' आणि 'लोस ओल्विदादोस' लागोपाठ पाहिले की गंमत कळते. दोन्हींत गरिबी आहे आणि दोन्हींत दगडानं माणूस मरतो. पहिल्यात मशालींच्या उजेडात गाव दगड उचलतं, आणि मरणारी बाई मूर्तीसारखी दिसते. हॉलिवूडमध्ये नाव कमावलेली देखणी नटी अनवाणी उभी, चेहऱ्यावर मोजून पाडलेला प्रकाश. मला तो चित्रपट आवडतो; पण ती गरिबी देवघरात ठेवण्यासारखी आहे, हेही खरं. दुसऱ्यात हाइबो नावाचा पोरगा गळ्यात अडकवलेल्या झोळीत दगड लपवून आणतो आणि दिवसाढवळ्या, त्या सांगाड्यापुढे, दुसऱ्या पोराच्या पाठीमागून घाव घालतो. प्रकाश त्याला ना दूषण देत ना भूषण. तो नुसता पडलेला असतो. मधे सात वर्षं गेलेली, आणि दोन्हीकडे प्रकाश मोजणारा हात एकच.

पण 'लोस ओल्विदादोस' म्हणजे नुसता सपाट माहितीपट नाही. पेद्रो या मुलाचं स्वप्न आठवून पाहा. संथ गती, वारा, झग्यात तरंगत येणारी आई, तिच्या हातातला कच्च्या मांसाचा लोंबता तुकडा. बाकी चित्रपटभर हात बांधून बसलेला फिगेरोआ इथे अचानक सगळी आयुधं बाहेर काढतो, आणि ते स्वप्न अंगावर येतं ते आजूबाजूला एवढा कोरडेपणा आहे म्हणूनच. आणि मग ते अंडं. सुधारशाळेत चिडलेला पेद्रो अंडं उचलून सरळ कॅमेऱ्यावर फेकतो. ते लेन्सवर फुटतं, बलक ओघळतो. आयुष्यभर लेन्सवर कधी कुठला फिल्टर चढवायचा याचा विचार केलेल्या माणसानं हे अंडं कोणत्या मनानं झेललं असेल? मला दर वेळी हसू येतं. (कानला १९५१मध्ये या चित्रपटासाठी बुन्युएलला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. आधी मेक्सिकोत मात्र देशाची बदनामी म्हणून त्याला शिव्या पडल्या होत्या. २००३पासून तो युनेस्कोच्या जागतिक स्मृतींच्या नोंदीत आहे.)

तेव्हा १९५८मध्ये क्वाउत्लाला पोचलेले हे दोघे एकमेकांना नवखे नव्हते. मधे 'एल' झाला होता, संशयानं पोखरलेल्या नवऱ्याची गोष्ट. त्यात एका श्रीमंती घराचा जिना आणि वाकडीतिकडी सजावट फिगेरोआनं अशी दाखवली की घरच वेडं वाटावं. बुन्युएलला काय चालत नाही हे फिगेरोआला चांगलं ठाऊक होतं. मग त्यानं ती ढगांची फ्रेम लावलीच का?

माझा तर्क असा की त्याला 'नासारीन'चा विषय ओळखीचा वाटला. ख्रिस्तासारखं जगू पाहणारा एक गरीब पाद्री, त्याच्या मागे चालणाऱ्या दोन बायका, मेक्सिकोतला गेल्या शतकाच्या उंबरठ्यावरचा काळ, खेडी, धुळीचे रस्ते. कथा मुळात गाल्दोस या स्पॅनिश कादंबरीकाराची, पण वर्णन ऐकलं तर हा फर्नांदेसचा चित्रपट वाटेल. फोर्डबरोबरही फिगेरोआनं पळत्या पाद्र्याचीच गोष्ट केली होती आणि तिथे प्रत्येक कमानीतून, प्रत्येक दारातून प्रकाशाच्या तिरिपी पाडल्या होत्या. पाद्री, रस्ता, ज्वालामुखी म्हटल्यावर हात आपोआप तिकडे गेला असणार. सवय लागते ती अशीच. आपल्याला वाटतं आपण निवड करतोय.

बुन्युएलची अडचण वेगळी होती. नासारीन मागे पोपोकातेपेत्ल घेऊन चालू लागला की तो संत होतो. पर्वत, ढग, एकटा माणूस : प्रेक्षक मनातल्या मनात हात जोडतो. आणि चित्रपटाला तर हेच तपासायचं होतं की असं संत होऊन कुणाचं भलं होतं का. नासारीन मजुरी न घेता काम करायला जातो, तर त्यामुळे इतर मजुरांच्या पोटावर पाय येतो आणि मारामारीला तोंड फुटतं. प्लेगच्या गावात मरणाऱ्या बाईला तो स्वर्गाचं सांगू लागतो, तर तिला स्वर्ग नको असतो, तिचा माणूस हवा असतो. असल्या माणसामागे जर निसर्ग देऊळ बांधून उभा राहिला, तर वाद कॅमेऱ्यानंच निकाली काढला असं होईल. बुन्युएलचा निर्णय बरोबर होता, यात मला शंका नाही.

पण कॅमेरा फिरवणं म्हणजे खुर्ची फिरवणं नव्हे, आणि किस्सा सांगताना हेच गाळलं जातं. कॅमेरा अर्धं वर्तुळ फिरला की सूर्याची बाजू बदलते. आधी पाठीमागून किंवा कडेनं येणारं ऊन आता तोंडावर येतं, चेहरे चपटे होतात. फिल्टर काढायचा, उजेड पुन्हा मोजायचा, रिफ्लेक्टर उचलून दुसरीकडे न्यायचे, आणि आपलीच सावली फ्रेममध्ये येत नाही ना हे पाहायचं. त्याहून मोठी गोष्ट अशी की मागे ज्वालामुखी असताना डोळा कुठे जाईल हे ठरलेलं असतं. मोकळ्या माळावर काहीच ठरलेलं नसतं. तिथे माणूस कुठे उभा राहतो, किती लांब चालतो, धूळ केवढी उडते, एवढ्यावर सगळी फ्रेम तोलावी लागते. सुंदर देखावा चुका झाकतो. माळ झाकत नाही.

'नासारीन' पाहताना याचा पुरावा मिळतो. रस्त्यावरच्या प्रसंगांत आकाश आहे, पण ते गप्प आहे. करड्या छटा एकमेकींत मिसळलेल्या, काळं-पांढरं भांडण नाही. माणसं साधारण मध्यम अंतरावरून दिसतात. ना मोठी केलेली, ना हरवलेली. शेवटी शिपायाबरोबर चालणाऱ्या नासारीनला रस्त्यावरची एक बाई अननस देऊ करते. तो आधी नाकारतो, मग घेतो, आणि चालत राहतो. पार्श्वभूमीला कालांदाचे, म्हणजे बुन्युएलच्या स्पेनमधल्या जन्मगावचे, ढोल. त्या चेहऱ्यावर काय चाललंय हे कुणीही सांगून दाखवावं. प्रकाशानं तिथे काहीही सुचवलेलं नाही. हे काही न सुचवणं फिगेरोआचं आहे, आणि ते पडद्यावर आणायला ढग आणण्याइतकंच कसब लागतं. १९५९मध्ये कानला या चित्रपटाला आंतरराष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

फिगेरोआनं स्वतः या सगळ्याची जी पाककृती सांगितली ती फर्मास आहे. बुन्युएलबरोबर काम करणं सोपं, असं तो म्हणायचा : भव्य देखावा शोधा, वर झकास ढग, खाली फुलं, त्यापुढे कॅमेरा नीट लावा, सगळं तयार झालं की त्या सौंदर्याकडे पाठ करा आणि दगडधोंड्यांची वाट शूट करा. यात थोडी चिडचिड असेल, पण जास्त करून ते एका माणसानं दुसऱ्याला नीट ओळखल्याचं हसू आहे. चार वर्षं भांडून संसाराला लागलेल्या जोडप्यात असतं तसं.

अर्थात त्याला बुन्युएल दर वेळी कळायचाच असं नाही. १९६२च्या 'एल आंखेल एक्स्तेर्मिनादोर'मध्ये मेजवानीचे पाहुणे घरात शिरतात, आणि थोड्याच वेळात तेच पाहुणे पुन्हा तसेच शिरतात. पहिली प्रिंट पाहून फिगेरोआ घाबराघुबरा होऊन बुन्युएलकडे गेला, की संकलनात घोळ झालाय, एक प्रसंग दोनदा लागलाय. हेही बुन्युएलनंच सांगून ठेवलंय. प्रसंग दोनदा चित्रित करणारा तूच, आणि तरी तुला वाटतं ही चूक माझ्या नजरेतून सुटेल, असा त्याचा प्रश्न. या किश्श्यानं फिगेरोआ मला जास्तच आवडायला लागला. तो सिद्धांताच्या अंगानं बुन्युएलपाशी पोचलेला नव्हता. त्याला प्रिंटमध्ये घोळ दिसला, आणि घोळ दिसला की सांगायचं, ही त्याची शिस्त.

दोघांचा सातवा आणि शेवटचा चित्रपट १९६५चा 'सिमोन देल देसिएर्तो'. पैसे संपल्यामुळे तो ४५ मिनिटांतच आटोपला. यातला संत उंच खांबावर उभा राहून तप करतो. खांबावरच्या माणसाला खालून पाहायचं तर मागे काय येणार? आभाळ. बुन्युएलला अखेर फिगेरोआच्या दारी यावंच लागलं, असं म्हणायचा मोह होतो. पण खांबाखाली शेळ्या आहेत, चौकस भाविक आहेत, आणि चमत्कारानं परत मिळालेल्या हातांनी लगेच पोरीला चापट मारणारा बाप आहे. एवढ्या गर्दीत त्या आभाळाची पूजा करायला कुणाला फुरसत नाही.

आता एक प्रश्न उरतो. माळ जमल्यावर फिगेरोआनं ढग सोडले का? अजिबात नाही. 'नासारीन'नंतर लगेच, १९६०मध्ये, रोबेर्तो गाव्हाल्दोनबरोबर त्यानं 'माकारियो' केला. भुकेला लाकूडतोड्या आणि मृत्यू यांची कथा. त्यातला गुहेचा प्रसंग काकाउआमिल्पाच्या प्रचंड नैसर्गिक गुहांत घेतलाय : प्रत्येक जिवंत माणसाची एक मेणबत्ती, अशा असंख्य ज्योती, आणि त्यांच्यामधून चालणारा मृत्यू. इतकं नाट्यमय, इतकं उघडउघड सुंदर काम त्यानं फर्नांदेसबरोबरसुद्धा क्वचितच केलं असेल. परभाषिक चित्रपटाच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेला हा पहिला मेक्सिकन चित्रपट. पाठोपाठ 'आनिमास त्रुहानो', त्यात तोशिरो मिफुने हा जपानी नट ओआहाकाच्या गावकऱ्याच्या भूमिकेत. मग जॉन ह्यूस्टनचा 'द नाइट ऑफ द इग्वाना', त्यासाठी कृष्णधवल छायाचित्रणाचं ऑस्कर नामांकन. बक्षीस 'झोर्बा द ग्रीक'ला गेलं. १९७०मध्ये तर क्लिंट ईस्टवूड नायक असलेला 'केलीज हीरोज', युगोस्लाव्हियात, रंगीत, रुंद पडद्यावर, रणगाड्यांसकट. ही यादी वाचताना जीव दमतो. एकूण आकडा दोनशेच्या वर जातो आणि त्यात बरंचसं निव्वळ पोटापाण्याचं आहे, जे कुणी शोधून पाहण्याची गरज नाही.

म्हणून क्वाउत्लाच्या त्या प्रसंगाकडे मी धडा म्हणून पाहत नाही. फिगेरोआ तिथे बदलला नाही. ढग त्याची ओळख होती, पण त्याची भाकरी प्रकाश मोजण्यावर होती, आणि दोन्ही गोष्टी त्यानं वेगळ्या खिशांत ठेवल्या होत्या. ओळख मागितली तर ओळख दिली. माळ मागितला तर माळ दिला, आणि वर एक विनोद दिला.

१९८३मध्ये ह्यूस्टन पुन्हा मेक्सिकोत आला, 'अंडर द व्होल्कॅनो' करायला. दारूत बुडालेल्या एका इंग्रज कॉन्सुलचा शेवटचा दिवस, १९३८च्या मृतांच्या सणातला. चित्रण मोरेलोस राज्यात, क्वेर्नावाकाच्या परिसरात. नावातला ज्वालामुखी पोपोकातेपेत्लच. या वेळी चित्रपट रंगीत होता. ती हवा कापायला लाल फिल्टरचा उपयोग नव्हता. कॅमेऱ्यामागे फिगेरोआ होता, वय ७६.